हाक मारू नये

१२ जानेवारी

ही वही गार्गीनं, म्हणजे सूनबाईंनी, नाताळात भेट दिली. "बाबा, मनातलं सगळं यात लिहीत जा," म्हणाली. घरातल्या माणसांना माझं बोलणं ऐकवत नाही, हे इतक्या गोड शब्दांत सांगणारी सून मिळायला नशीब लागतं.

लिहिण्यासारखं आज प्रथमच काही घडलं. इकडे परदेशात, हॅमिल्टनला येऊन आम्हाला चार महिने झाले. मुलगा शार्दूल सकाळी सातला गाडी काढून 'ते रापा' नावाच्या भागातल्या दुधाच्या कारखान्यात जातो, गार्गी लॅपटॉपसमोर बसते, अकरा वर्षांची नात इरा टॅबलेटमध्ये असते आणि मी खिडकीतून शेजाऱ्याचं लॉन बघतो. पुण्यातल्या कॉलेजात चौतीस वर्षं तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसानं शेवटी गवत वाढताना बघावं, अशी नियतीची इच्छा दिसत होती.

पण आज रमण आला. हा पूर्वी विम्याच्या कचेरीत होता, आता इथल्या मराठी ज्येष्ठ मंडळाचा अध्यक्ष आहे. मंडळात दर शनिवारी हाउझी खेळतात. एकानं आकडे पुकारायचे आणि बाकीच्यांनी कागदावर खुणा करायच्या, एवढाच तो खेळ. त्याआधी पाऊण तास 'काहीतरी वैचारिक' हवं आहे, कारण नुसत्या हाउझीसाठी हॉल मागायला रमणला संकोच वाटतो. मी तिथल्या तिथे विषय सांगितला: मध्ययुगीन इस्लामी आणि यहुदी गूढवादातला 'मी'चा लोप. सहा व्याख्यानं. रमणनं डायरीत सहा शनिवार मोजले. मग म्हणाला, "चालेल. कुणाला कळलंच नाही तर भांडणंही होणार नाहीत."

याच विषयावरचा माझा प्रबंध सहाशे बारा पानांचा आहे. शेवटचं प्रकरण राहिल्यामुळे तो विद्यापीठात गेला नाही, एकतीस वर्षं माझ्याकडेच आहे. इकडे येताना हातातल्या बॅगेतून आणला. सगळी पानं हिच्या अक्षरात आहेत. ही म्हणजे आमच्या सौ. माझं अक्षर माझं मलाच लागत नाही, म्हणून तीनदा स्वच्छ प्रत हिनं करून दिली. तेवढाच तिचाही हातभार.

हिला बातमी सांगितली. "छान झालं," म्हणाली, आणि लगेच पुढे, "चोवीस मार्चला नीताचा पहिला पेपर आहे. त्याआधी आपण पुण्यात हवं." नीता ही दृष्टिहीन मुलगी, एम.ए. करते आहे. बँकेतून निवृत्त झाल्यापासून ही अशा मुलांची लेखनिक होते. मूल सांगेल ते परीक्षेला शेजारी बसून लिहून द्यायचं. स्वतःचं एक अक्षर घालायचं नाही, चूक दिसली तरी सुधारायची नाही, आपण तिथे नाहीच असं बसायचं. यात एवढं विशेष काय आहे ते मला अजून कळलेलं नाही.

१९ जानेवारी

पोस्टर झालं. गार्गीनं केलं. वर माझं नाव, मध्ये फोटो, खाली बारीक अक्षरात विषय. नाव पहिल्या खेपेला फार लहान आलं होतं, तीनदा मोठं करून घेतलं. 'प्रा.' राहिलं होतं, तेही घालायला लावलं.

इरा मागे उभी राहून बघत होती. "आजोबा, व्हॉट्स इट अबाउट?" मी तिला समजेल असं सांगितलं, की सूफींच्या मते ईश्वराजवळ जाता जाता माणसाचा 'मी' विरघळून जातो, त्याला फना म्हणतात. तिनं पोस्टरकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. "सो यू डिसअपिअर? देन व्हाय इज युवर फोटो सो बिग?"

मोठ्यांशी कसं बोलावं हे इथल्या शाळांत शिकवत नाहीत. फोटो तेवढाच ठेवला.

१ फेब्रुवारी

पहिलं व्याख्यान झालं. चौदा माणसं! पंधरावी ही, पण ती चहाच्या टेबलापाशी होती म्हणून धरली नाही.

प्रस्तावना म्हणून माझ्या प्रबंधाचा इतिहास सांगितला, त्यात पस्तीस मिनिटं गेली. उरलेल्या दहा मिनिटांत फना उरकली. 'मी' कसा नाहीसा होतो हे सांगताना माझा आवाज चांगला लागला होता. रमणनं दोनदा घड्याळ दाखवलं, मी पाहिलं नाही.

दोन श्रोते मंडळाबाहेरचे होते. एक शेगुलाबाई रोहेकर, वय ऐंशी. अलिबागकडच्या बेने इस्राएल, म्हणजे आपल्या कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या यहुदी. मुलगी इथे डॉक्टर आहे, तिच्याकडे राहतात. दुसरे कादरभाई, खुलताबादचे, जिथे पावलापावलावर सूफींचे दर्गे आहेत. ते दुधाचा टँकर चालवतात, शार्दूलच्या ओळखीचे. माझ्या विषयातले दोन्ही धर्म असे सदेह समोर बसलेले पाहून समाधान वाटलं. बिचाऱ्यांना त्यांच्या परंपरेची थोडी माहिती तरी होईल.

८ फेब्रुवारी

नऊ माणसं. आज नकाराचा मार्ग घेतला. बाराव्या शतकात कैरोमध्ये एक यहुदी वैद्य होऊन गेला, तत्त्वज्ञही होता, अरबीत लिहायचा. त्याचं म्हणणं, देव असा आहे आणि तसा आहे हे बोलूच नका. 'दयाळू' म्हटलंत तरी त्याला माणसाच्या मापात बसवलंत. तो काय नाही, एवढंच सांगता येतं.

मंडळातल्या राजश्रीबाईंनी हात वर केला. "मग आरतीत काय म्हणायचं?" अशा वेळी माणसानं काय करावं? मी पाण्याचा घोट घेतला.

नंतर चहाच्या टेबलापाशी ही राजश्रीबाईंना सांगताना ऐकलं. "घरात नळाला पाणी आहे असं कुणी म्हणतं का? गेलं की सगळं घर बोलायला लागतं. तसं काहीतरी असावं." राजश्रीबाई म्हणाल्या, "हां, आत्ता कळलं." बायका विषय किती सोपा करून टाकतात. कैरोच्या वैद्यानं ऐकलं असतं तर काय म्हणाला असता.

१५ फेब्रुवारी

आजचा दिवस मोठा. सकाळी शार्दूलनं सांगितलं, की पालकांना इथे कायमचं राहू देणाऱ्या व्हिसाच्या सोडतीत आमचा नंबर लागला. आता फॉर्मवर दोघांच्या सह्या हव्यात. मी उभ्या उभ्या सही केली. पुण्यात मला कोण विचारतं? इथे निदान नऊ माणसं आहेत. हिला म्हटलं, "कर सही." ही म्हणाली, "ठेवा तिथे," आणि फॉर्मवर प्लमचं भांडं ठेवलं. वाऱ्यानं उडू नये म्हणून असावं.

तिसरं व्याख्यान नावावर होतं. यहुदी लोक देवाचं खरं नाव उच्चारत नाहीत. का, तर नाव घेतलं की तो हाताच्या अंतरावर येतो, चार वस्तूंमधली एक होतो. हे लोकांच्या गळी उतरावं म्हणून मी घरचं उदाहरण दिलं. "लग्नातला उखाणा सोडला तर चव्वेचाळीस वर्षांत आमच्या सौ.नी माझं नाव घेतलेलं नाही. 'अहो', नाहीतर 'हे'. म्हणजे बघा, मी कुठल्या पंक्तीत बसतो!" चांगला हशा पिकला. ही मागे कप पुसत होती.

शेगुलाबाई हसल्या नाहीत. "आमच्यात त्याचं नाव घेत नाहीत, खरं," त्या म्हणाल्या, "पण त्याच्याशी बोलतात हो. रडतात, तक्रार करतात, भांडतात पण. तो ऐकतो म्हणून. तुम्ही ऐकता काय?"

मी म्हटलं, प्रश्नोत्तरं शेवटी.

"बरं, एवढंच सांगा. तुम्ही वहिनींना काय हाक मारता?"

"हाक मारायची वेळच येत नाही," मी म्हटलं. "ती असतेच."

यावरही हशा होईल असं वाटलं होतं. रमणनं हाउझीचे कागद वाटायला घेतले.

१ मार्च

पाचवं व्याख्यान, पाच माणसं. रमणच्या मते शाळा सुरू झाल्या म्हणून गळती आहे. ज्येष्ठ नागरिकांची शनिवारी कुठली शाळा असते, ते विचारायचं राहिलं. हाउझीला मात्र पंचवीस जण आले. त्यातले वीस जण बाहेर गाड्यांत बसून माझं संपायची वाट बघत होते, हे मी खिडकीतून पाहिलं.

विषय मात्र सुंदर होता. तेराव्या शतकात कैरोतल्या काही यहुद्यांनी शेजारच्या सूफींकडून एकांताची साधना घेतली. त्या वैद्याचा मुलगाच त्यांच्यात पुढे होता. खोलीत एकट्यानं बसायचं, बोलणं बंद, जगाकडे पाठ. सूफी चाळीस दिवस बसत, त्याला आपल्याकडे चिल्ला म्हणतात. मी हे रंगवून सांगत असताना कादरभाईंनी हात वर केला. पाच आठवड्यांत पहिल्यांदा.

"सर, तुम्ही कधी बसलात का?"

"कुठे?"

"चिल्ल्याला."

मी म्हटलं, तौलनिक अभ्यासाची शिस्त वेगळी असते. ते म्हणाले, "हो, ते पण आहे." त्यांचा सूर आदराचाच होता, तरी दुपारभर तो प्रश्न डोक्यातून जाईना. शेवटी ठरवलं. बसतो. मागच्या अंगणात एक सुटी खोली आहे, तिला इथे स्लीपआउट म्हणतात, आत न्हाणीघरही आहे. चाळीस दिवस शक्य नाहीत, सतरा तारखेला दाताच्या डॉक्टरची वेळ घेतली आहे. बारा दिवस बसायचं आणि पंधरा तारखेच्या शेवटच्या व्याख्यानात अनुभव सांगायचा. कादरभाईंना पुढच्या रांगेत बसवायचं.

जेवताना शार्दूल तिकिटांचं काहीतरी विचारत होता. मी माझ्या विचारात होतो. "बघू नंतर," म्हटलं.

३ मार्च

खोलीच्या दारावर नियम लावले. हाक मारू नये. कोणत्याही विषयावर बोलू नये. फोन, वर्तमानपत्र, चिठ्ठी आत देऊ नये. चहा सकाळी सात आणि दुपारी चार वाजता पायरीवर ठेवून दोनदा टकटक करावी.

हिनं चष्मा लावून सगळं वाचलं. "आणि बारा तारखेचं काय?" असं विचारलं. मी म्हटलं, "बारा तारखेला मी आत असेन." "बरं," म्हणाली, आणि दार ओढून घेतलं.

४ मार्च

काय शांतता! मनुष्याचं कुणावाचून अडत नाही, हे ज्याला अनुभवायचं असेल त्यानं असं बसावं. कुणाची गरज नाही, कुणाची अपेक्षा नाही. सकाळी चहा आणि टोस्ट, साडेबाराला पोळी, फरसबी, वरण-भात, चारला चहा आणि दोन खाऱ्या शंकरपाळ्या, आठला मऊ खिचडी. बाकी पूर्ण एकांत.

लिहिणं नियमात बसतं का, हा विचार आला. पण 'लिहू नये' असं मी दारावर लिहिलेलं नाही.

६ मार्च

'मी' अंदाजे निम्मा गेला असावा. मन फार हलकं झालं आहे.

दुधीच्या भाजीत मीठ कमी होतं. रिकाम्या ताटात तशी चिठ्ठी ठेवली. चिठ्ठी आत द्यायला बंदी आहे, बाहेर द्यायला नाही. संध्याकाळी मीठ बरोबर होतं.

९ मार्च

सकाळपासून घरातून बॅगेची चाकं फिरल्याचा आवाज येतो आहे. शार्दूल कारखान्याच्या कामाला कुठेतरी निघाला असेल. पूर्वीचा मी असतो तर उठून चौकशी केली असती.

११ मार्च

रात्रीच्या जेवणाच्या ताटाखाली बंद पाकीट आलं. वर हिचं अक्षर. इतके स्वच्छ नियम लिहून लावले तरी चिठ्ठी! चव्वेचाळीस वर्षं तत्त्वज्ञाच्या घरात राहूनही साधना म्हणजे काय ते हिच्या ध्यानात आलेलं नाही. पाकीट न उघडता प्रबंधाच्या शेवटच्या प्रकरणात ठेवलं, तिथे कोरे कागद आहेत.

१२ मार्च, दुपारी बारा

 सगळं नेमकं लिहून ठेवलं पाहिजे, पुढे अभ्यासकांना लागेल.

सकाळी सव्वादहा. मी डोळे मिटून बसलो होतो. दाराच्या दिशेनं एक आवाज आला. फार मोठा नाही, फार हळूही नाही. "शशिकांत."

बाईचा आवाज. मी ताडकन ताठ बसलो, पण डोळे उघडले नाहीत. आई, आत्या, बहीण, सगळ्या मला 'शशी' म्हणायच्या. गार्गी 'बाबा' म्हणते. या जगातली कोणतीही बाई मला पूर्ण नावानं हाक मारत नाही. असा आवाज मी जन्मात ऐकलेला नाही. परका नव्हता, तरी ओळखीचाही नव्हता. त्यात राग नव्हता, विनवणी नव्हती, कौतुक नव्हतं. काय होतं ते सांगता येत नाही, काय नव्हतं तेवढंच सांगता येतं. म्हणजे कैरोचा वैद्य बरोबर होता!

बऱ्याच वेळानं पुन्हा एकदा. "शशिकांत."  रडू आलं, हे कबूल करतो. बगदादला, कैरोला, स्पेनमध्ये लोक उभा जन्म ज्या हाकेची वाट बघत बसले, ती मला हॅमिल्टनच्या मागच्या अंगणात दहाव्या दिवशी यावी! मी हललो नाही. अशा वेळी साधकानं जागचं हलू नये असं मला वाटलं.

तिसऱ्यांदा आवाज आला नाही. मग गाडी सुरू होऊन गेल्याचं ऐकू आलं. ते अर्थात लौकिक होतं.

१२ मार्च, संध्याकाळी सात

चारला चहा आला नाही. साडेचारला नाही. पाचलाही नाही. दुपारचं ताट सकाळच्या चहाबरोबरच झाकून ठेवलेलं होतं, तेव्हा मला त्यात काही वाटलं नव्हतं. रक्तदाबाची गोळी चहाबरोबर असते, म्हणून नाइलाजानं बाहेर पडलो.

गार्गी ओट्यापाशी होती. मला बघून तिचा हात थांबला. "बाबा, आई गेल्या."

क्षणभर मला भलताच अर्थ लागला.  तिनंच खुर्ची ओढून दिली. "पुण्याला, बाबा. शार्दूल एअरपोर्टला सोडून परत येतोय, वाटेत पापाकुराला ट्रॅफिकमध्ये अडकलाय. तुम्ही चिठ्ठी नाही वाचलीत?"

इरा टेबलाशी बसली होती. तिला आज आजीसाठी शाळेला उशिरा पाठवलं होतं. माझ्याकडे न बघता म्हणाली, "शी कॉल्ड यू. ट्वाइस. आय वॉज राइट देअर. शी वेटेड हीप्स, सो लाँग."

खोलीत जाऊन पाकीट काढलं. पत्र इथे उतरवून ठेवतो. हिनं माझी सहाशे बारा पानं तीनदा उतरवली, मी हे एक पान.

'अहो, नीताचा पेपर चोवीसला आहे हे जानेवारीपासून सांगते आहे. तिला शब्द दिला आहे. मी उद्या निघते. शार्दूलनं तुमचंही तिकीट धरून ठेवलं आहे, उद्या सकाळी अकरापर्यंत रद्द करता येतं. तुमची बॅग भरली आहे. हाक मारू नये असं तुम्ही दारावर लिहिलं आहे, पण उद्या सव्वादहाला मी दाराशी येऊन तुम्हाला नावानं हाक मारणार आहे. आजवर कधी मारली नाही, त्यामुळे तुमच्या लक्षात येईल की काम महत्त्वाचं आहे. बाहेर आलात तर बरोबर जाऊ. नाही आलात तर इथेच राहायचं ठरवलंत असं मी समजेन. फॉर्मवर मी सही केलेली नाही, करणार नाही. गोळ्या डाव्या खणात आहेत. सुलभा.'

दुपारी लिहिलेलं पान फाडावंसं वाटलं. मग पुन्हा वाचलं आणि फाडलं नाही. 'असा आवाज मी जन्मात ऐकलेला नाही' असं त्यात लिहिलं आहे. ते अक्षर न अक्षर खरं आहे. मला फार लाज वाटते आहे.

१५ मार्च

शेवटचं व्याख्यान. विषय 'बका'. फना झाल्यावर पुढे काय, ते. प्रबंधाचं राहिलेलं प्रकरण हेच.

रमण, शेगुलाबाई आणि कादरभाई, एवढेच होते. चहाचं टेबल रिकामं होतं. मी उभा राहिलो, कागद काढले, परत ठेवले. म्हटलं, "मला हाक आली होती," आणि जे झालं ते सगळं सांगितलं. रमणनं घड्याळ दाखवलं नाही.

शेगुलाबाईंनी विचारलं, "मग ओ दिलीत काय?"

"नाही."

"दोनदा मारली तरी?"

"मला वाटलं, देव आहे."

"देव असला तरी ओ द्यायची असते हो," त्या म्हणाल्या. "आमचे बाबा सांगायचे, त्यानं नाव घेऊन बोलावलं की माणसानं 'आलो' म्हणायचं. तिथं बसून विचार नाही करायचा." मग त्यांनी पिशवीतून डबा काढला. आत मलिदा होता, पोहे, गूळ, खोबरं आणि वर केळ्याच्या फोडी. त्यांच्यात हा एलियाहू हन्नबी या संदेष्ट्याच्या नावानं करतात, प्रवासाला निघणाऱ्यासाठीसुद्धा. "वहिनींसाठी बुधवारी केला होता. थोडा आज पुन्हा केला. फना म्हणजे काय ते मला त्यांनीच समजावलं, तुमचं काय कळलं नव्हतं." मी डबा हातात धरून उभा राहिलो.

बका राहून जाऊ नये म्हणून कादरभाईंना म्हटलं, तुम्हीच सांगा. ते संकोचले. "मला पुस्तकातलं येत नाही, सर. माझे आजोबा दर्ग्यात झाडू मारायचे. ते म्हणायचे, जो विरघळला तो तिथंच पडून राहत नाही. परत येतो आणि झाडू हातात घेतो. आता मारणारा तो नसतो, पण अंगण स्वच्छ होतं."

एकतीस वर्षं अडलेलं प्रकरण पाऊण मिनिटात झालं. मला नीताच्या शेजारी, आपण तिथे नाहीच अशी बसून लिहिणारी ही दिसली. वाईट वाटलंच, शिवाय कादरभाईंचा थोडा रागही आला, तोही लिहून ठेवतो.

२४ मार्च

फॉर्म अजून टेबलावर आहे. प्लम संपले, आता भांड्यात शेजाऱ्यांनी दिलेली फिजोआ नावाची पेरूसारखी फळं आहेत. माझी सही खाडाखोड करून रद्द केली. शार्दूलनं माझं गुरुवारचं पुण्याचं तिकीट काढलं.

हिचे बारा दिवसांत चार फोन आले, चारही गार्गीला. मी विचारलं की गार्गी सांगायची, "तुम्ही गोळ्या घेता का विचारत होत्या." मला फोन द्यायला कुणी सांगितलं नाही आणि मीही मागितला नाही. काय म्हणून बोलायला सुरुवात करायची हेच ठरत नव्हतं. 'अगं' म्हणावं, तर त्या हाकेनं आजवर फक्त चहा आला. मग ध्यानात आलं, की हिचं नाव मी रेशनकार्डावर लिहिलं आहे, बँकेच्या फॉर्मांवर लिहिलं आहे, पण तोंडानं कधी घेतल्याचं आठवत नाही. दोन दिवस मागच्या खोलीत जाऊन सराव केला. इरानं दारातून डोकावून विचारलं, "हू आर यू टॉकिंग टू, आजोबा?"

आज चारला चहा मी केला. जरा उकळला जास्त. गार्गीचे हात कणकेत होते, तेवढ्यात तिचा फोन वाजला. "बाबा, आईच असतील. घ्या ना." पुण्यात तेव्हा सकाळचे साडेआठ, पेपरची वेळ जवळ आलेली.

मी कानाला लावला. पलीकडे रिक्षांचे हॉर्न, मुलींची गडबड. ही म्हणत होती, "गार्गी, पोचलो गं आम्ही कॉलेजच्या फाटकाशी. नीता जरा घाबरलीय."

मी घसा साफ केला. "सुलभा," म्हटलं. "आलो."

पलीकडे हॉर्न वाजत राहिले.  मग सावध आवाजात, परक्या माणसाला विचारावं तसं, तिनं विचारलं, "कोण बोलतंय?"

'मी' या विषयावर सहा व्याख्यानं दिलेल्या माणसाला उत्तर पटकन सुचलं नाही.